साहेबांनी मान डोलावली

माणसाला ऐकू येईनासं झालं की तो मान डोलवायला लागतो. एकोणीस वर्षं मी लोकांच्या कानांना मशीनं बसवतेय, हे मला कुणी शिकवायला नको. पहिल्यांदा तो विचारतो, "काय म्हणालात?" दुसऱ्यांदा विचारताना ओशाळतो. तिसऱ्यांदा विचारतच नाही, नुसता हसतो आणि मान डोलावतो. आमच्याकडे एक आजोबा यायचे, त्यांनी अशीच मान डोलावून दोन्ही मुलांना एकच घर कबूल केलं होतं. मुलं त्यांना मशीन बसवायला एकत्र घेऊन आली, पण तासभर एकमेकांशी एक अक्षर बोलली नाहीत.

माझ्या दादाचं आयुष्य अशाच एका मान डोलावण्यानं मातीत गेलं.

दादा माझ्याहून नऊ वर्षांनी मोठा. सैन्यात वायरलेसवर होता. बावीस वर्षांपूर्वीच्या लढाईत आपलं सैन्य नदी ओलांडून मागे येत होतं आणि शेवटची तुकडी आली की पूल उडवायचा होता. हुकूम द्यायचा तो ब्रिगेडियरसाहेबांनी. चार वाजून दहा मिनिटांनी पलीकडून दादाच्या कानावर आवाज आला, "आम्ही अजून पलीकडे आहोत. पूल उडवू नका." दादा धावत साहेबाच्या जीपपाशी गेला. साहेब ड्रायव्हरशेजारी बसलेला, इंजिन चालू, तोफा चालू. दादानं डाव्या बाजूनं वाकून निरोप सांगितला. साहेबानं मान डोलावली. नियम असा की निरोप घेणाऱ्यानं तो तोंडानं परत म्हणायचा, नाहीतर कागदावर सही करायची. पण साहेबानं मान डोलावली म्हणजे झालं, असं दादाला वाटलं. सही मागायला तो थांबला नाही. परत जाऊन त्यानं पलीकडे सांगितलं, "साहेबांना कळवलंय, या निवांत." साडेचारला पूल उडाला. सव्वीस माणसं पलीकडे राहिली, त्यातली काही तर पुलावरच होती.

चौकशीत साहेब म्हणाला, मला कुणीही निरोप दिला नाही. दादाच्या नोंदवहीत होतं, 'निरोप दिला. साहेबांनी मान डोलावली.' चौकशीवाले म्हणे हसले. सही कुठाय? सही नव्हती. सगळं खापर दादावर फुटलं. निष्काळजीपणाचा शिक्का मारून त्याला सैन्यातून हाकलला, आणि ती सव्वीस माणसं तर आमच्याच गावची. ती तुकडी इथूनच भरती झालेली. ज्या गल्लीत दादा लहानाचा मोठा झाला, त्या गल्लीत लोक त्याला बघून रस्ता बदलायला लागले. वहिनी माहेरी गेली ती गेलीच. आईच्या अंत्ययात्रेला आम्ही पाच जण होतो, त्यातला एक गाडीचा ड्रायव्हर.

समोरच्या घरातल्या मास्तरीणबाईंचा एकुलता एक मुलगा त्या सव्वीसांत होता. बाईंनी मला शाळेत शिकवलं होतं, दादालाही. बावीस वर्षं त्यांनी आमच्या खिडकीकडे मान वर करून पाहिलं नाही. दादाला सगळ्यात जास्त लागलं ते हेच. "त्यांना तरी कळायला हवं होतं गं, मी निरोप सांगितला होता," एवढंच म्हणायचा, तेही वर्षातून एखाद्या वेळी. मोटारींची वायंडिंग करतात त्या दुकानात तो दिवसभर तांब्याची तार गुंडाळत बसतो. तिथे बोलावं लागत नाही, म्हणून.

आणि तो? पूल उडवून शत्रूला नदीपलीकडे रोखलं म्हणून त्याला पदक मिळालं. ब्रिगेडियरचा जनरल झाला. निवृत्त झाला तर पक्षवाले दारात उभेच होते. निवडून आला, मंत्री झाला, आणि आता सगळ्यात वरच्या खुर्चीसाठी उभा राहिला होता. आमच्या दवाखान्याच्या समोरच्या भिंतीवर त्याचं हे एवढं पोस्टर, मागे तो मोडलेला पूल, खाली लिहिलेलं, 'देशासाठी पूल तोडला, आता माणसांमध्ये पूल बांधणार.' रोज सकाळी कुलूप उघडताना माझ्या तळपायाची आग मस्तकात जायची. शेलक्या चार शिव्या दिल्याशिवाय मी शटर वर केलं नाही. माणूस पंचाहत्तरीचा, पण मी त्याला अरेतुरेच करते. आमच्या घरात त्याला तेवढाच मान आहे.

या कामाला लागले तेव्हा पहिल्या महिन्यातच मला तो मान डोलावण्याचा प्रकार कळला आणि डोक्यात लख्ख प्रकाश पडला. साहेबाला ऐकूच आलं नसणार. पण नुसत्या संशयाचं करायचं काय? कुणाला सांगणार, आणि कोण ऐकणार? मूग गिळून बसले, एकोणीस वर्षं.

मग निवडणुकीच्या दोन महिने आधी तो आपल्या पायांनी आमच्या दवाखान्यात आला. मागच्या दारानं, दुपारी, बाकीचे पेशंट घरी पाठवून. आमचे डॉक्टर इतके लगबगीनं पुढे गेले की चष्मा टेबलावरच राहिला. साहेबाबरोबर त्याचा एक माणूस होता, पक्षात त्याला सगळे सावली म्हणतात. कायम साहेबाच्या उजव्या हाताला, अर्धं पाऊल मागे. तो तिथेच का असतो ते मला दोन मिनिटांत कळलं.

कान तपासायची खोली छोटी असते, भिंतींना जाड स्पंज, आत एकच खुर्ची. मी त्याच्या कानांवर हेडफोन चढवले, हातात बटण दिलं. आवाज आला की बटण दाबायचं. उजव्या कानाची खूण तक्त्यावर लाल गोल, डाव्याची निळी फुली. लाल गोल तक्त्याच्या मध्यापासून घसरत गेले, वयानं होतं तसं. निळ्या फुल्या पार तळाला. डावा कान म्हणजे दगड होता.

मग शब्दांची तपासणी. मी पेशंटच्या मागे उभी राहते, ओठ दिसू नयेत म्हणून तोंडापुढे पुठ्ठा धरते, एक वाक्य बोलते आणि पेशंटनं ते परत म्हणायचं. साहेब खूश झाला.

"हे तर आमच्यासारखंच," तो म्हणाला. "सैन्यात निरोप मिळाला की परत म्हणायचा. परत म्हटला नाही तर निरोप पोचलाच नाही."

पुठ्ठ्याआड मी त्याला बिनआवाजाची एक शिवी हासडली. नशीब, मी मागे होते.

फॉर्म भरताना मी विचारलं, "डावा कान केव्हापासून असा आहे? जुनं किती त्यावर मशीन ठरवावं लागतं." हे खरंच आहे, मी काही बनवून विचारलं नाही. साहेब हसला. आमच्यासारख्यांसमोर ही माणसं मोकळं बोलतात, रिकाम्या खुर्चीसमोर बोलावं तसं.

"पुलाच्या लढाईच्या तीन वर्षं आधी," तो म्हणाला. "तोफांच्या सरावात पडदा गेला. वरच्यांना कळलं असतं तर ऑफिसात बसवलं असतं मला. दरवर्षी तपासणी व्हायची, पण तपासणारा आपलाच होता. सांभाळून घेतलं त्यानं."

सावली दारातून हळूच म्हणाला, "साहेब, ते राहू द्या." साहेबाला ते ऐकूच आलं नाही. त्यानं मान डोलावली.

मी तारीख लिहिली आणि फॉर्म पुढे सरकवला. "इथे सही करा." त्यानं झोकात सही केली. दादानं घेतली नव्हती, मी घेतली.

उजव्या कानाला मशीन लागणार होतं. "दिसेल का?" त्यानं विचारलं. पोलादी जनरल म्हणून मतं मागणाऱ्याला कानामागे प्लास्टिक कसं चालेल? मी कानामागे बसतं ते मशीन काढून दाखवलं. "कॅमेरा जवळ आला तर दिसेल, साहेब," म्हणाले. खोटं नव्हतं. खालच्या ड्रॉवरमध्ये कानाच्या आत जाणारं एक होतं, चण्याएवढं, कुणाला दिसलं नसतं, आणि त्याच्या उजव्या कानाला ते व्यवस्थित चाललं असतं. मी ड्रॉवर उघडला नाही. डॉक्टरांच्या ध्यानात आलं नाही, त्यांचा चष्मा अजून टेबलावरच होता. त्या एका गोष्टीबद्दल मला कुणी जाब विचारला तर मी दोषी आहे, आणि पुन्हा वेळ आली तर पुन्हा तेच करीन.

"मग कॅमेऱ्यासमोर काढून ठेवत जाईन," साहेब म्हणाला. "हा आहेच माझ्या बाजूला."

पुढच्या महिन्यात गावात त्या सव्वीस जणांच्या स्मारकाचं उद्घाटन होतं. पत्रिकेत छापलेलं, 'साहेबांचा कुटुंबीयांशी आणि जुन्या जवानांशी संवाद, थेट प्रक्षेपण.' म्हणजे हात मिळवताना जे बोलणं होईल ते चौकात भोंग्यांवर आणि घराघरांत टीव्हीवर ऐकू जाणार. पत्रिका घेऊन मी दादाकडे गेले. तो कॉइल गुंडाळत होता.

"तुला जायचंय," मी म्हटलं.

"मला कोण बोलावतंय तिथे?"

"रांगेत म्हाताऱ्या जवानांना कुणी पत्रिका विचारत नाही. जुनी टोपी घाल आणि उभा राहा. त्याच्यासमोर गेलास की एवढंच विचार, निरोप मिळाला होता ना."

"तो नाही म्हणेल. तेव्हाही म्हणाला होता."

"नाही म्हणायला आधी ऐकू यावं लागतं."

दादानं तार खाली ठेवली. मी त्याला पेशंटचं काहीच सांगू शकत नव्हते, ते आमच्या कामात पाप आहे. मी फक्त म्हटलं, "डावीकडून बोल. तेव्हा बोललास तसंच."

त्यानं हात पुसले आणि माझ्याकडे पाहिलं. उमेदीची वर्षं वायरलेसवर घालवलेला माणूस, न बोललेलंही त्याला कळतं. "तुला सूड हवाय," तो म्हणाला.

"हो, हवाय. तुला नको असेल तर माझ्यासाठी जा."

"मला मास्तरीणबाईंनी ऐकायला हवंय. बाकी मला काही नको," दादा म्हणाला.

कार्यक्रमाच्या दिवशी चौक माणसांनी गच्च भरला होता. बँड वाजत होता. मी दोरीला लागून उभी होते, तिथून साहेबाचा कान मला स्वच्छ दिसत होता. दोन्ही कान मोकळे. मशीन खिशात.

भाषणात तो नेहमीचं बोलला. "एका माणसाच्या निष्काळजीपणामुळे माझे सव्वीस वाघ गेले." लोकांनी माना खाली घातल्या. दादानं मात्र खाली घातली नाही. मग कॉलरला माईक लावूनच साहेब खाली उतरला आणि रांगेपुढून चालायला लागला. प्रत्येकाचा हात हातात घ्यायचा, हसायचं, मान डोलवायची आणि एकच वाक्य, "देश तुम्हाला विसरणार नाही." एका बाईनं सांगितलं, नळाला पाणी येत नाही. "देश तुम्हाला विसरणार नाही." मागे कुणीतरी खुदकन हसलं.

दादाच्या पुढच्याच जागी मास्तरीणबाई होत्या, काठी टेकून. दादाला पाहून त्यांचं तोंड कडू झालं. "तू इथे? लाज नाही वाटत?" त्या पुटपुटल्या.

साहेब दादासमोर आला. ओळखलं नाही, कशाला ओळखेल. दादानं हात मिळवला, साहेबाच्या डाव्या बाजूला सरकला आणि त्या कानाशी वाकला. आवाज अगदी सपाट, वायरलेसवर बोलतात तसा.

"साहेब, पुलाच्या दिवशी चार वाजून दहा मिनिटांनी मी तुम्हाला पलीकडचा निरोप दिला. 'आम्ही अजून पलीकडे आहोत, पूल उडवू नका.' तो तुम्हाला मिळाला होता ना?"

भोंग्यांवरून शब्दन् शब्द चौकभर गेला. सावलीनं हात पुढे केला, पण उशीर झाला होता. साहेब हसला. दोनदा मान डोलावली, दादाचा खांदा थोपटला.

"हो, हो. शाब्बास. देश तुम्हाला विसरणार नाही."

बँडवाल्यांनीही वाजवायचं थांबवलं. साहेबानं मास्तरीणबाईंपुढे हात केला. बाईंनी काठी दोन्ही हातांनी धरली, हात दिला नाही. त्या आधी दादाकडे वळल्या, मग साहेबाकडे. वर्गात शुद्धलेखन घालायच्या तशा, एकेक शब्द सुटा करून त्या साहेबाच्या तोंडासमोर बोलल्या.

"यानं निरोप दिला होता. तुम्ही आत्ता हो म्हणालात."

ओठ वाचायला तो वर्षानुवर्षं शिकला असणार. त्याचं हसू हळूहळू उतरलं. त्यानं सावलीकडे पाहिलं, सावली जमिनीकडे बघत होता.

"मला ऐकू आलं नाही," साहेब म्हणाला. तेही भोंग्यावरून गेलं.

"आत्ता, की तेव्हा?" बाईंनी विचारलं.

मला इतका आनंद झाला की दोरी घट्ट धरून उभी राहिले. असा आनंद होणं चांगलं नाही म्हणतात. असेल. मला झाला.

दुसऱ्या दिवशी सावली दवाखान्यात फाइल मागायला आला. मी म्हटलं, फाइल कपाटात राहते, नियम आहे, आणि मी कुणाला दाखवत नाही. खरंच दाखवली नाही. गरजच पडली नाही, साहेबानं स्वतःच्या हातानं स्वतःला गुंडाळलं. संध्याकाळी टीव्हीवर येऊन म्हणाला, पुलाच्या स्फोटात माझे कान गेले, देशासाठी गेले, चौकात मला ऐकू आलं नाही म्हणून उगाच मान हलवली. मुलाखत घेणाऱ्या मुलीनं शांतपणे विचारलं, "स्फोट साडेचारला झाला. निरोप चार दहाला आला. म्हणजे तेव्हा तुमचे कान ठीक होते?" साहेबानं पाण्याचा ग्लास उचलला. मी घरी टीव्हीसमोर ताट हातात घेऊन उभी होते, घास तोंडातच राहिला. निरोप ऐकूनही पूल उडवला म्हणावं तर सव्वीस खून. आधीपासून ऐकू येत नव्हतं म्हणावं तर सैन्याला फसवलं. निरोप आलाच नाही ही तिसरी वाट बंद झाली होती, कारण दादाच्या नोंदवहीत 'साहेबांनी मान डोलावली' लिहिलेलं होतं आणि न ऐकता मान डोलावताना त्याला सगळ्यांनी टीव्हीवर पाहिलं होतं. तीन दिवसांनी त्यानं दुसरी धरली, डावा कान लढाईआधीच गेला होता हे कबूल केलं आणि उमेदवारी मागे घेतली. आमच्या समोरच्या भिंतीवर आता गाद्यांची जाहिरात आहे.

चार महिन्यांनी सैन्याच्या ऑफिसातून पत्र आलं. निरोप वेळेवर पोचवला होता, जुना शेरा रद्द. दादानं ते तीनदा वाचलं आणि घडी घालून खिशात ठेवलं. संध्याकाळी मास्तरीणबाई आल्या. बावीस वर्षांनी त्यांनी आमचा उंबरा ओलांडला. बसल्या, पाणी प्यायल्या. मग म्हणाल्या, "तुझं ऐकून घ्यायला हवं होतं मी." दादा आत गेला आणि रडला. मी त्याला आईच्या वेळीही रडताना पाहिलं नव्हतं.

त्या रविवारी मी त्याला ड्रॉवरमधल्या मशीनचं सांगून टाकलं. वाटलं, ओरडेल. तो म्हणाला, "आता दे त्याला ते. ऐकू येऊ दे एकदा."

साहेब मागच्या आठवड्यात आला. पुढच्या दारानं, एकटा, नंबर लावून. सावली दुसऱ्या कुणाच्या तरी उजव्या हाताला गेलाय म्हणे. कानामागचं मशीन टोचतं अशी त्याची तक्रार होती. मी खालचा ड्रॉवर उघडला, चण्याएवढं मशीन काढलं, उजव्या कानात बसवलं आणि आवाज जुळवला. मग त्याच्या मागे उभी राहिले आणि तोंडापुढे पुठ्ठा धरला.

"खिडकी उघडी आहे."

"खिडकी उघडी आहे," साहेब म्हणाला.

"उद्या गाडी उशिरा येईल."

"उद्या गाडी उशिरा येईल. फार छान ऐकू येतंय."

त्याच आवाजात, तेवढ्याच सावकाश, मी म्हटलं, "आम्ही अजून पलीकडे आहोत. पूल उडवू नका."

त्याच्या मानेची शीर ताठ झाली. तो वळायला लागला.

"वळू नका, साहेब. तपासणी चालू आहे."

"तुम्ही कोण?"

"निरोप घेऊन जो आला होता, त्याची बहीण. ऐकलंत ते परत म्हणा. परत म्हटलं नाही तर निरोप पोचत नाही, तुम्हीच सांगितलं होतंत."

मला वाटलं उठून जाईल. मशीन काढून फेकेल. त्यानं हात कानाकडे नेलाही. मी मागे उभी राहिले, हलले नाही. बावीस वर्षं थांबले होते, आणखी थोडं थांबायला माझं काय जात होतं?

"आम्ही अजून पलीकडे आहोत," तो म्हणाला. "पूल उडवू नका."

मी भिंतीवरच्या घड्याळात पाहिलं. तक्त्यावर लिहिलं, अकरा वाजून वीस मिनिटं, निरोप पोचला. मग तक्ता त्याच्यासमोर ठेवला आणि हातात पेन दिलं.

"इथे सही करा," मी म्हटलं.